मंगळावरची धनुसंक्रांत

मनगटावरचं घड्याळ काढून ठेवा. तुम्ही निघाला आहात तिथे ते पहिल्याच दिवशी सुमारे चाळीस मिनिटं पुढे जाईल, आणि अठरा दिवस उलटले की त्यात दुपारचे बारा वाजलेले असताना बाहेर मध्यरात्र असेल. बरोबर फक्त बारा राशींची नावं घ्या, मेषेऐवजी धनूपासून सुरू करून वृश्चिकेपर्यंत, ओळीनं. ती लागणार आहेत.

तुम्ही मंगळावर, गेल विवराच्या तळाशी उभे आहात. पाठीमागे माउंट शार्प, तळापासून साडेपाच किलोमीटर उंच. २०१२ च्या ऑगस्टमध्ये क्युरिऑसिटी ही गाडी याच विवरात उतरली. अंगावर जाड पोशाख असूनही पावलं हलकी पडतात, कारण साठ किलोचा माणूस इथे तेवीस किलोंचा वाटतो. थंडी उणे ऐंशी अंशांच्या आसपास आहे. पूर्वेला उजाडतं आहे आणि तो उजेड निळा आहे. आपल्याकडे पहाट तांबूस आणि दिवस निळा, इथे त्याच्या उलट. दिवसभर आकाश पिवळट-तांबूस राहतं आणि उगवत्या-मावळत्या सूर्याभोवती तेवढी निळाई साठते, कारण हवेतली अतिबारीक धूळ निळा प्रकाश सूर्याच्या रोखानंच पुढे सोडते. मग सूर्य वर येतो. आपल्या सूर्याच्या दोन-तृतीयांश आकाराचा, बरोबर पूर्वबिंदूवर.

पृथ्वीवर २०२६ सालचा सप्टेंबर संपत आला आहे. इथे आज वसंतसंपात आहे आणि वर्ष २२२ चा पहिला दिवस. हे २२२ आलं कुठून, ते सांगतो.

१९८५ साली थॉमस गँगेल या अमेरिकन माणसानं मंगळासाठी एक कालगणना रचली आणि आपल्या मुलाच्या, डेरियसच्या, नावावरून तिला ‘डेरियन कॅलेंडर’ म्हटलं. ज्या जगात एकही माणूस राहत नाही त्याच्यासाठी आधीच भिंतीवरचं कॅलेंडर करून ठेवायचं, ही कल्पनाच मला फार आवडते. मंगळाच्या एका अहोरात्राला ‘सोल’ म्हणतात. ते २४ तास ३९ मिनिटं ३५ सेकंदांचं. मंगळाचं वर्ष अशा ६६८.५९ सोलांचं. गँगेलनं त्याचे चोवीस महिने केले. बहुतेक २८ सोलांचे, दर सहावा २७ चा. बेरीज ६६८. उरलेल्या अपूर्णांकासाठी दहातल्या सहा वर्षांत शेवटच्या महिन्याला एक सोल जास्त. प्रत्येक महिना रविवारीच सुरू होतो, म्हणून १४ तारखेला कायम शनिवार आणि चोवीसही महिन्यांसाठी भिंतीवर एकच पान पुरतं. २७ सोलांच्या महिन्यात शेवटच्या शनिवाराचा क्षय होतो. क्षयतिथीची सवय असलेल्यांना हे वावगं वाटणार नाही.

आता नावं ऐका. पहिला महिना सॅजिटेरियस, दुसरा धनु. मग कॅप्रिकॉर्नस, मकर. अक्वेरियस, कुंभ. पायसीस, मीन. असं एक लॅटिन आणि एक संस्कृत करत चोविसावा वृश्चिक. आपल्या आजीच्या तोंडातली नावं तांबड्या ग्रहाच्या कॅलेंडरवर जाऊन बसली आहेत. आणि ती शोभेपुरती नाहीत. मान वर करा. निळ्या प्रकाशात तारे दिसेनासे झाले आहेत, पण ते दिसले असते तर सूर्यामागे धनू रास असती. मंगळावरून पाहिलं तर सूर्य आपल्या पंचांगातल्या निरयन धनू राशीत दोन-तीन सोलांपूर्वीच शिरला आहे. वर्षारंभ आणि धनुसंक्रांत इथे जवळजवळ एकत्र येतात.

थोडं थांबा. पश्चिमेकडे बघा. क्षितिजावरून एक ओबडधोबड ठिपका वर चढतो आहे. हा फोबोस. मंगळ स्वतःभोवती फिरतो त्याहून वेगानं हा मंगळाभोवती फिरतो, सात तास ३९ मिनिटांत एक फेरी, म्हणून तो पश्चिमेला उगवतो, साडेचार तासांच्या आत आकाश ओलांडतो आणि पूर्वेला मावळतो. त्याच्या साऱ्या कला एका फेरीच्या वेळात पुऱ्या होतात. तिथी मोजायची म्हटली तर ती पंधरा मिनिटांची. दुसरा चंद्र डीमॉस बरोबर उलट स्वभावाचा. एकदा उगवला की जवळजवळ अडीच सोल आकाशातून हलत नाही, आणि दिसतो एखाद्या ठळक ताऱ्याएवढा. चतुर्थीला ज्याची वाट पाहावी असा चंद्र या आकाशात नाही, म्हणून आकाशानं आखून दिलेला महिनाही नाही. आपण पृथ्वीवर चंद्र आणि सूर्य दोघांचा मेळ घालताना अधिकमासापर्यंत गेलो. इथे फक्त सूर्य उरतो. महिना हवा असेल तर तो सूर्यालाच विचारून ठरवायला लागेल.

मला गँगेलशी भांडायचं आहे ते इथे. पण त्यासाठी तुम्हाला आधी मागे जावं लागेल.

इसवी सन ४९९. कुसुमपूर. रात्र आहे, हवा दमट आहे, आणि पृथ्वीच्या वजनानं तुमचे खांदे पुन्हा खाली ओढले जातात. तेवीस वर्षांचा आर्यभट ज्या शास्त्राला आकार देतो आहे त्यात एका महायुगातल्या दिवसांचा आकडा आहे, १,५७,७९,१७,५००, आणि तेवढ्या काळात मंगळाच्या होणाऱ्या फेऱ्यांचाही, २२,९६,८२४. भागाकार तुम्हीच करा. मंगळाचं वर्ष ६८७ दिवसांना जेमतेम अर्ध्या मिनिटानं कमी भरतं. आजच्या मोजणीप्रमाणे ते ६८६.९८ दिवस आहे. दुर्बीण नाही, लंबक नाही, फक्त पिढ्यान्‌पिढ्यांची निरीक्षणं. आणखी एक गोष्ट या शास्त्राला ठाऊक आहे. ग्रह सारख्या वेगानं चालत नाही. मध्यम गतीनं तो जिथे असायला हवा आणि प्रत्यक्षात जिथे असतो, त्यातला फरक काढण्यासाठी मंदफल आहे. मंगळाचं मंदफल मोठं. हे लक्षात ठेवून पुढे या.

१६०५, प्राग. सम्राट दुसऱ्या रुडॉल्फच्या पदरी असलेला योहानेस केप्लर मेजावर वाकला आहे. समोर टायको ब्राहेनं मागे ठेवलेली मंगळाची निरीक्षणं. टायको १६०१ मध्ये गेला. दुर्बिणीआधीच्या युगातली यांच्याइतकी नेमकी निरीक्षणं जगात दुसरी नाहीत. केप्लरनं आधी मंगळाला वर्तुळात बसवून पाहिलं. सत्तरेक वेळा तीच आकडेमोड केली. बहुतेक सगळं जुळलं, फक्त एका ठिकाणी आठ कलांचा फरक राहिला. एक अंशाचा साठावा भाग म्हणजे एक कला. पौर्णिमेच्या चंद्राच्या रुंदीच्या चौथ्या भागाएवढा हा फरक. दुसरा कोणी असता तर निरीक्षकाची चूक म्हणून पुढे गेला असता. केप्लरचा टायकोच्या नजरेवर विश्वास होता, म्हणून त्यानं टायकोला दोष दिला नाही, वर्तुळ टाकून दिलं. त्या मेजापाशी उभे राहा. खोलीत मेणबत्तीचा वास आहे, कागदांच्या कडा काळ्या पडल्या आहेत, आणि दोन हजार वर्षं आकाशावर राज्य केलेला एक आकार इथे निवृत्त होतो आहे. त्याच्या जागी येतं लंबवर्तुळ. ‘अ‍ॅस्ट्रोनोमिया नोवा’ हे पुस्तक १६०९ मध्ये छापून निघालं. त्याच वर्षी पाडुआत गॅलिलिओनं दुर्बीण आकाशाकडे वळवली.

गँगेलनं आपल्या कॅलेंडरचं शून्य वर्ष आधी १९७५ च्या अखेरीस धरलं होतं, व्हायकिंग यानांचा मान म्हणून. पुढे ते १६०९ वर नेलं गेलं, केप्लर आणि गॅलिलिओसाठी. २२२ हा आकडा तिथून येतो. आणि माझी तक्रार इथेच आहे. ज्या वर्षी माणसाला कळलं की मंगळ सूर्याजवळ आला की धावतो आणि दूर गेला की रेंगाळतो, त्या वर्षापासून काळ मोजायचा, आणि महिने मात्र सगळे २८ सोलांचे?

हा फरक बारीकसारीक नाही. पृथ्वीच्या कक्षेची विकेंद्रता ०.०१७ आहे, मंगळाची ०.०९३. मंगळाच्या उत्तर गोलार्धात वसंत १९३ सोल चालतो, ग्रीष्म १७९, शरद १४३, शिशिर १५४. वसंत आणि शरद यांत पन्नास सोलांचा फरक. सूर्याजवळ असताना मंगळाला मिळणारी उष्णता सर्वांत दूर असतानाच्या तुलनेत सुमारे ४५ टक्के जास्त. त्याच काळात धूळ उठते. गँगेलचं कॅलेंडर या वर्षाचे १६७-१६७ सोलांचे चार सारखे तुकडे करतं.

१९७६, २० जुलै. क्रिसे प्लॅनिशिया. व्हायकिंग-१ आत्ताच उतरलं आहे आणि पायाखालच्या खडकांचा पहिला फोटो पाठवतं आहे. डेरियन तारखेत हे वर्ष १९५ आणि मीन महिन्याचा मध्य. इथे फार थांबायचं नाही. सूर्य मीन राशीत आहे, कॅलेंडरही मीनच म्हणतं, दोघांचं अजून पटतं आहे.

आता बंगळुरू. २४ सप्टेंबर २०१४, सकाळ. नियंत्रण कक्षात सगळे पडद्यांकडे बघताहेत. मंगळयानाचं मुख्य इंजिन सुमारे तीनशे दिवस न वापरता प्रवासात पडून होतं. सव्वासातच्या सुमारास ते पेटलं आणि चोवीस मिनिटं जळायचं आहे. मधेच यान मंगळाच्या मागे जातं आणि संदेश थांबतो. त्या शांततेत तुम्ही खोलीतल्या माणसांचे चेहरे बघा. आठच्या सुमारास बातमी येते, यान कक्षेत आहे. पहिल्याच प्रयत्नात मंगळ गाठणारा भारत पहिला देश. साऱ्या देशाबरोबर त्या सकाळी माझ्याही डोळ्यांत पाणी आलं होतं.

खोलीतल्या जल्लोषातून मन काढून क्षणभर वर न्या. मंगळाजवळून पाहताना सूर्य त्या सकाळी कुठे होता? मी हिशेब मांडला. निरयन गणितानं तो मिथुन राशीत होता, शेवटच्या आठ-दहा अंशांत. डेरियन कॅलेंडर त्या दिवशी मिथुन ओलांडून तीन आठवडे पुढे गेलं होतं. तिथे महिना होता कॅन्सर, म्हणजे कर्केचा पहिला भाग, वर्ष २१५. आकाशातला सूर्य मागे, भिंतीवरचा पुढे. आपल्या यानाच्या पहिल्या दिवसाची मंगळावरची तारीख लिहायची तर तिच्यात रास चुकीची येते.

मंगळावर काम करणाऱ्यांना हे सगळं पाठ आहे, म्हणून ते कॅलेंडरऐवजी सूर्याचा कोन सांगतात. वसंतसंपात म्हणजे शून्य अंश, तिथून ३६० पर्यंत. वर्षांचे क्रमांकही त्यांनी वेगळे लावले, ११ एप्रिल १९५५ पासून वर्ष १. धुळीचं मोठं वादळ म्हटलं की त्यांच्या तोंडी अंशाचा आकडा येतो. २०१८ च्या जूनमध्ये अपॉर्च्युनिटी ही गाडी ज्या वादळात कायमची गप्प झाली, तेही शरदसंपातानंतर थोड्याच काळानं उठलं होतं. पॅरिसच्या हवामान प्रयोगशाळेतले मंगळ-अभ्यासक तर दर तीस अंशांचा एक महिना धरतात. असे बारा महिने, सर्वांत लांब ६७ सोलांचा आणि सर्वांत आखूड ४६ चा. त्यांना नावं नाहीत, नुसते क्रमांक.

सूर्य एका राशीतून दुसरीत गेला की महिना बदलायचा ही रीत तुमच्या माझ्या ओळखीची आहे. तमिळ आणि मलयाळी सौर महिने आजही असेच चालतात, २९ पासून ३२ दिवसांपर्यंत, सूर्याची चाल असेल तसे. पृथ्वीवर त्यात एक अडचण आहे. अक्षाचा भोवरा सव्वीस हजार वर्षांत एक फेरी घेतो, म्हणून निरयन राशी ऋतूंपासून ७२ वर्षांत एक अंश सरकतात. मकरसंक्रांत जानेवारीच्या मध्यावर आली आणि उत्तरायण डिसेंबरातच राहिलं. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ च्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्रा’त या सायन-निरयन वादाचा किती पानं ऊहापोह केला आहे, ते मराठी वाचकाला सांगायला नको. मंगळाच्या अक्षाला तीच फेरी घ्यायला सुमारे १ लाख ७० हजार वर्षं लागतात. एक अंश सरकायला पावणेपाचशे वर्षं. आणि आज, आपल्या हयातीत, मंगळाचे संपात आणि अयनबिंदू निरयन राशींच्या सीमांवर जेमतेम एका अंशाच्या फरकानं बसलेले आहेत. धनूच्या आरंभी वसंत, मीनेच्या आरंभी ग्रीष्म, मिथुनेच्या आरंभी शरद, कन्येच्या आरंभी शिशिर. दीक्षितांना हे दाखवता आलं असतं तर किती आनंद झाला असता.

शेवटची उडी. वर्ष ३००, पृथ्वीवर २१७४. जागा मेरिडियानी, विषुववृत्ताच्या दोन अंश दक्षिणेला. इथली वस्ती माझ्या मनातली आहे, तुम्ही तिचा आराखडा हवा तसा बदला. पण तारीख आणि सावली मी मोजून दिलेली आहे. आज डेरियन पंचांगानं जेमिनी महिन्याची पहिली, वर्षाचा बरोबर मध्य. बाहेर शाळेतली मुलं एक मीटर उंचीची काठी रोवून उभी आहेत, कारण पुस्तकात लिहिलं आहे की वर्षाच्या मध्याला शरदसंपात येतो, आणि संपाताच्या सुमारास इथे भर दुपारी सावली जवळजवळ नाहीशी होते. महाराष्ट्रात मे महिन्यात शून्य सावलीच्या दिवशी मुलं गच्चीवर जमतात, तशी ही जमली आहेत. मध्यान्ह होतो. सावली वीतभर लांब पडते, दक्षिणेकडे.

एक मुलगी तुमच्याकडे वळते. “पंचांग म्हणतं शरद लागला. मग सूर्य अजून एवढा उत्तरेला का?”

तिला सांगा की संपात अजून ३८ सोल लांब आहे. सूर्य वृषभेतच आहे. वसंतात आणि ग्रीष्मात मंगळ सूर्यापासून दूर होता, सावकाश चालला, म्हणून अर्धं वर्ष संपलं तरी अर्धी वाट संपली नाही. ती विचारेल की मग महिने सारखे कशाला केले. प्रामाणिक उत्तर द्या: पगार, पाळ्या, परीक्षा, भाडं यांना सारखे महिने सोयीचे पडतात, आणि ६७ सोलांचा एक महिना कोणालाही लांबच वाटेल. गँगेलचे चोवीस महिने त्या सोयीसाठीच आहेत आणि ती सोय खरी आहे.

पण त्याच्याच कॅलेंडरात उत्तर दडलेलं आहे. त्यानं प्रत्येक राशीला दोन नावं दिली. ती दोन्ही ठेवायची. रास जेवढी लांब तेवढी धरायची आणि तिचे दोन भाग करायचे, पहिला लॅटिन नावाचा, दुसरा संस्कृत. चोवीस नावं आहेत तशीच राहतात, एकही नवं शिकायला नको. महिना २३ सोलांपासून ३४ सोलांपर्यंत कमीजास्त होईल, आणि त्याच्या नावावरून सूर्य कुठे आहे, धूळ किती लांब आहे, सौर पट्ट्यांना किती ऊन मिळणार, हे कळेल. महिन्याच्या पहिल्या तारखेला रविवार येणार नाही, हा तोटा. ज्यांना श्रावण आणि भाद्रपद कोणत्या वारी लागतील हे दर वर्षी नव्यानं बघावं लागतं, त्यांनी तो केव्हाच पचवला आहे.

मुलीला पाटी द्या आणि लिहू द्या. धनु ६१. मकर ६५. कुंभ ६७, सर्वांत लांब, कारण याच्या मध्याच्या थोडं आधी मंगळ सूर्यापासून सर्वांत दूर. मीन ६४. मेष ६०. वृषभ ५४. मिथुन ५०, याच्या पहिल्या तारखेला संपात आणि इथून पुढे धुळीवर नजर. कर्क ४७. सिंह ४६, सर्वांत आखूड, याच्या मध्याच्या आधी सूर्य सर्वांत जवळ. कन्या ४७. तूळ ५१. वृश्चिक ५६.

ती बेरीज करते. ६६८. मग तिला उरलेले ०.५९ आठवतात आणि ती विचारते, वाढीव सोल कोणाला द्यायचा. गँगेलनं तो वर्षाच्या टोकाला, वृश्चिकेला दिला होता. तुम्ही मीनेकडे बोट दाखवा. तिची खरी लांबी साडेचौसष्ट सोल आहे, आपण तिला ६४ वर तोडलं. दहातल्या सहा वर्षांत तिला ६५ द्यायचे. वर्ष ३०० शतकवर्ष आहे, म्हणून या खेपेला नाही. ३०१ विषम आहे, तेव्हा द्यायचा. मुलगी मीनेपुढे कंसात ६५ लिहिते आणि काठीच्या सावलीचं टोक जिथे पडलं होतं तिथे खडा ठेवते, उद्या दुपारी पुन्हा मोजायला.